वार्नाला असते

"आणि ती पोरगी हो? काठवटीतली? ती आता काय करते?"

ट्राम वळणावर करकरली, त्यामुळे ऐकू आलं नाही असं दाखवायला मेतोदी काराकाशेवला क्षणभर सवड मिळाली. पण समोरच्या सीटवरची बाई सोडणाऱ्यातली नव्हती. अंगानं भरलेली, उन्हानं लाल झालेली, मांडीवर चेरींची कागदी पिशवी आणि ती फाटू नये म्हणून तिच्याखाली पसरलेला हात. मेतोदी चढला तेव्हाच तिनं त्याला ओळखलं होतं. हिवाळ्यात टीव्हीवर त्याचा सत्कार दाखवला, तेव्हापासून अधूनमधून असं व्हायचं. "तुम्ही तेच ना, कोंबड्याच्या सिनेमावाले?" इथून तिनं सुरुवात केली होती. मग बाल्कनीत कोंबडा पाळणाऱ्या त्या बसड्रायव्हरचे विनोद तिनं त्यालाच ऐकवले. मग इन्स्पेक्टरची मालिका निघाली, तिचे सगळे भाग म्हणे तिच्या नवऱ्यानं इस्पितळातल्या खाटेवर पडून पाहिले होते. आणि मग आठवण झाली, की आज एक जून, आज बालदिन, आणि दर बालदिनाला लावतात तशी आजही दुपारी टीव्हीवर त्याचाच सिनेमा 'काठवटीतली रुसालिना' लावणार. ती बहिणीकडे चालली होती ती त्याचसाठी. बहिणीची नात यंदा पहिल्यांदाच बघणार होती.

"ऐकलंत का? ती पोरगी म्हटलं! काय गोड होती हो. खरं नाव काय तिचं?"

"बिल्याना," मेतोदी म्हणाला.

"बिल्याना. मग? काय करते बिल्याना?"

त्या बाईला ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. नामावलीत बिल्यानाला आईचं माहेरचं आडनाव लावलं होतं, दिग्दर्शकानं आपलीच पोर घुसवली असं कुणी म्हणू नये म्हणून. मेतोदीनं खिडकीतून बाहेर पाहिलं. फुटपाथवर पोरांनी खडूनं सूर्य काढले होते, आणि माणसं त्यांच्या किरणांवर पाय पडू नये म्हणून उगाचच लांब ढांगा टाकत होती.

"दातांची डॉक्टर आहे," तो म्हणाला. "वार्नाला असते."

"बघा! मी आमच्या ह्यांना म्हटलंच होतं, ही पोर काही नटी-बिटी व्हायची नाही. डोळेच सांगत होते. आणि लग्न?"

"झालं."

"नवरा काय करतो?"

"बोटीवर असतो. इंजिनांचं बघतो."

"अगंबाई, म्हणजे सहा-सहा महिने घरी नाही! आणि मुलं?"

"दोन. धाकटीला पियानोच्या शिकवणीला घातलंय, पण तिला आवडत नाही. दर वेळी आजारी पडते. पोटात दुखतं म्हणते."

हे शेवटचं त्या बाईनं विचारलेलं नव्हतं. ती खळखळून हसली, डोळे पुसले, आणि पिशवीत हात घालून मूठभर चेरी तिनं त्याच्या ओंजळीत ओतल्या. "घ्या हो, लाजताय काय. क्युस्तेन्दिलच्या आहेत, धुतलेल्या आहेत. आणि तिला सांगा, सोफियातल्या एका म्हातारीनं आठवण काढली म्हणून. सांगाल ना?"

"सांगतो," मेतोदी म्हणाला.

ती उतरली, आणि ट्राम सुटेपर्यंत खालून हात हलवत राहिली. तोही चेरींनी भरलेले दोन्ही हात जमेल तेवढे वर करून हलवत राहिला. मग दार बंद झालं आणि त्याच्या लक्षात आलं, की आपल्याला घाम फुटलाय. छातीत दुखत नव्हतं, डोकं गरगरत नव्हतं. फक्त जिभेवर काहीतरी होतं, एखादं अनोळखी औषध चाखल्यासारखं. खोट्याचं त्याला वावडं नव्हतं. उभा जन्म त्यानं तोच धंदा केला होता. पटकथा घेऊन येणाऱ्या नवख्या पोरांना तो सांगायचा, बाबांनो, जे कुणी विचारत नाही ते सांगा, मग जे सांगायचंय त्यावर लोक विश्वास ठेवतात. पियानोच्या शिकवणीला पोटात दुखणं हे तसलंच होतं. ते आपोआप आलं होतं. त्याच्या आत कुणीतरी खुर्ची मांडून, पाय लांब करून बसलं होतं आणि त्यानं विचारायच्या आधीच प्रसंग लिहून तयार ठेवत होतं. त्याला त्या माणसाची भीती वाटली.

ट्राम क्न्याझेवोला जाऊन थांबली. इथून तो दरवर्षी वितोशाचा डोंगर चढायला लागायचा. एक जूनला सकाळी काठी घ्यायची, टोपी घ्यायची, बायकोनं, नेवेनानं बांधून दिलेली चीजची बानित्सा घ्यायची आणि वितोशावर जिथपर्यंत पाय नेतील तिथपर्यंत जायचं, आणि खाली शहरात सगळे दिवे लागल्यावर परतायचं. टीव्हीवाले तारीख कधी चुकले नाहीत, आणि तोही नाही. नेवेनानं पहिल्या वर्षी विचारलं होतं, "थांबतोस का?" तो नाही म्हणाला. दुसऱ्या वर्षी तिनं विचारलं नाही, नुसती बानित्सा बांधून ठेवली. मग तीच रीत झाली. देशातलं प्रत्येक घर वर्षातून एकदा त्यांच्या मुलीला बघत होतं. ती नदीवरून तरंगत जाई, हात हलवी, पुढचे पडलेले दात दाखवून हसे. आणि तिचा बाप तेवढ्या वेळात कुठल्यातरी देवदाराखाली बसून मुंग्यांची रांग बघत असे. संध्याकाळी घरी आल्यावर नेवेना विचारी, "वर थंडी होती?" तो सांगे, "होती थोडी." सिनेमाबद्दल ती अवाक्षर काढत नसे.

आज गुडघा कुरकुरत होता. तो थांब्याजवळच्या बाकावर टेकला आणि चेरी टोपीत ओतून टोपी शेजारी ठेवली. लिंडनची झाडं नुकतीच फुलली होती. तो वास दरवर्षी याच दिवसांत शहरभर पसरतो आणि दरवर्षी तो नको वाटतो. मेतोदीनं डोळे मिटले आणि दातांची डॉक्टर बघायचा प्रयत्न केला. हे त्याच्या हातचं काम होतं. दवाखाना त्याला लगेच दिसला. समुद्राकडे जाणाऱ्या उताराच्या रस्त्यावर, पहिल्या मजल्यावर, वाट बघणाऱ्यांच्या खोलीत रबराचं झाड, त्याच्या पानांवर धूळ. आतून यंत्राचा बारीक आवाज. खिडकीची काच खाऱ्या वाऱ्यानं धुरकट झालेली. पांढरा अंगरखा दिसला, त्याच्या खिशाला अडकवलेलं पेन दिसलं, हातमोजे काढणारे हात दिसले, आणि ते हात नेवेनाचे होते, रुंद, आखूड बोटांचे, हेही बरोबर होतं. मग त्यानं मान वर करायला सांगितलं. आणि वर चेहराच नव्हता. म्हणजे होता, पण तो सात वर्षांच्या पोरीचा होता, ओल्या केसांचा, पुढचे दात पडलेला, त्या प्रौढ अंगरख्यावर भलताच चिकटवलेला.

त्यानं पुन्हा प्रयत्न केला. किती नट्यांना त्यानं म्हातारं केलं होतं. कुठल्याही चेहऱ्यावर वीस वर्षं चढवायची तर कुठं सावली टाकायची, ओठांचे कोपरे किती उतरवायचे, हे तो झोपेतही सांगू शकला असता. पण हा चेहरा वय घेईना. बरं, चाळिशीतली राहू दे, जी प्रत्यक्षात होती ती तरी? एकोणीस वर्षांची, तार्नोवोला फ्रेंच शिकणारी, सिगारेट लपवणारी, आईशी भांडून दार आपटणारी, ती? त्या बिल्यानाला तर त्यानं डोळ्यांनी बघितलं होतं. पण तीही येईना. एक लोकरी स्वेटर येत होता, हिरवा. त्याच्या बाह्या तळव्यांपर्यंत ओढायची तिची सवय येत होती. स्टेशनवर गाडी हलल्यावर ती कधी मागं वळून बघायची नाही, ते येत होतं. चेहरा मागितला की मात्र ती काठवटीतलीच पुढं येऊन उभी राहायची. त्याच्याच चित्रपटानं त्याची मुलगी खाल्ली होती. दरवर्षी डोंगरावर पळून जाऊनही. न बघताही.

लोम गावी दोनाव नदीच्या काठी त्याच्या बापाचं फोटोचं दुकान होतं. बापाजवळ रंगवलेले पडदे होते. एकावर समुद्र, एकावर राजवाड्याचा जिना, एकावर विमान. विमानाला भोक होतं, त्यातून डोकं बाहेर काढायचं. शेतावरून आलेला माणूस चिखलाच्या बुटांनी जिन्यासमोर उभा राहायचा आणि बघता बघता त्याची मान ताठ व्हायची. तोच माणूस विमानातून डोकं काढून हसायला लागायचा. छोटा मेतोदी पडदे ओढायचा आणि बघत राहायचा. त्याला कधी प्रश्न पडला नाही की यातला खरा माणूस कोणता. त्याला सगळेच खरे वाटायचे. पुढं तो प्रागला सिनेमा शिकायला गेला, परत आला, आणि त्याला मेंढ्यांच्या रोगावर माहितीपट करायला दिला तेव्हा बरोबरचे दिग्दर्शक हसले. त्यानं मात्र तो जीव ओतून केला. मग मधमाश्यांवर. मग युद्धपट, ज्यात एकाही सैनिकाचं नाव नव्हतं. मग कोंबड्याचा विनोदी चित्रपट, मग ऑपेरा, मग चोर-पोलीस, मग गाण्यांचा, मग रुसालिना. स्टुडिओतून फोन यायचा, "मेतोदी, एक विचित्र काम आहे रे, दुसरं कुणी घेईना," की त्याच्या पोटात आनंदाची उकळी फुटायची. कॅफेत मित्र चेष्टा करायचे. छायाचित्रकार स्ताव्री तर उभा राहून घोषणा करायचा, "मेतोदी काराकाशेव! बारशाला बँड, लग्नाला आचारी, मयताला पाद्री! एकदा बोलवा, तिन्हीला येईल!" सगळे हसायचे, तोही हसायचा, सगळ्यात मोठ्यानं.

हिवाळ्यातल्या त्या सत्काराला एक तरुण समीक्षक बाई बोलली. हुशार होती, तिनं सगळे चित्रपट खरोखर पाहिले होते. ती म्हणाली, अष्टपैलू हा शब्द आपण सहज वापरतो, पण काराकाशेवांचे चित्रपट ओळीनं पाहिले तर वाटतं, हे सात-आठ वेगवेगळ्या माणसांनी केलेत, आणि त्यातला एकही माणूस आपल्याला घरी बोलवत नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या. नेवेना शेजारी बसली होती, तिनं वाजवल्या नाहीत. त्यानं वाजवल्या. मग त्याला काचेचा एक जड त्रिकोण दिला आणि फुलं दिली.

घरी येताना टॅक्सीत नेवेना म्हणाली, "तिला कळलं नाही. तू पळत होतास."

"मी आधीही असाच होतो, नेवेना. ती जायच्या आधीही."

"आधी तू खेळत होतास," ती म्हणाली आणि फुलांना गुंडाळलेला चुरचुरणारा कागद काढून त्याची घडी घालत बसली. ती संगीतशाळेत पियानो शिकवायची, आयुष्यभर. तिला दोन सारख्या सुरांतला फरक ऐकू यायचा. मेतोदीला तेव्हा तिचा राग आला होता. आता बाकावर बसून तो तो फरक ऐकायला बघत होता, आणि तो त्याला काही केल्या सापडत नव्हता. आधीचा मेतोदी आणि नंतरचा मेतोदी कुठं शिवलेत ती शिवण दिसत नव्हती. जागा तर त्याला माहीत होती.

जागा म्हणजे दोनावच्या कडेचं सपाट रान. ऐतिहासिक चित्रपट, खान, तलवारी, आणि लष्कराकडून मागून आणलेले घोडेस्वार, इतके की रांगेचं दुसरं टोक दिसत नव्हतं. त्यांना बऱ्याच लांबून दौडत यायचं होतं आणि कॅमेऱ्याच्या दोन्ही बाजूंनी निघून जायचं होतं. घोडे सुटले, जमीन थरथरायला लागली, तेवढ्यात निर्मितीखात्याची जीप वेडीवाकडी उड्या मारत आली. त्यातून उतरलेल्या माणसानं कानाशी तोंड आणून सांगितलं, तार्नोवोहून फोन आहे, तुमची मुलगी, डोक्यातली शीर फुटली, वसतिगृहात, सकाळी. मग त्यानं टोपी काढली. म्हणजे पुढचं विचारायची गरज नव्हती. मेतोदीनं कर्णा उचलला आणि ओरडला, थांबा. पुन्हा ओरडला. पण दौडत्या घोड्यांना थांबवता येत नाही. ते आले. डाव्या हातानं, उजव्या हातानं, फुरफुरत, फेस उडवत, आणि मधे तो कर्णा धरून उभा. धुळीत सूर्य विझला. तो थांबा म्हणत राहिला आणि ते जात राहिले, संपेचनात. स्ताव्रीला काही ऐकू गेलं नव्हतं, तो बिचारा कॅमेरा फिरवत राहिला. तो तुकडा पुढं चित्रपटात राहिला. लोक म्हणाले, अशी दौड आपल्याकडं कुणी टिपली नाही.

त्यानंतर त्यानं पाठोपाठ चित्रपट केले. सर्कशीवरचा, खाणकामगारांवरचा, नव्या वर्षाच्या रात्रीचा तो हलकाफुलका. पत्ता बदलत राहावा तसे. मग कम्युनिस्ट राजवट गेली, स्टुडिओला टाळं लागलं, तेव्हा त्यानं दह्याच्या जाहिराती केल्या, त्याही मन लावून केल्या, दह्यात चमचा उभा राहतो तो क्षण नीट पकडला. मग जाहिरातींसाठीही पोरं आली, आणि फोन वाजायचा थांबला. तेव्हापासून उरला होता तो एवढा एक डोंगर.

त्यानं डोंगराकडे पाहिलं. वर अजून बर्फाचा एक पट्टा होता, राखाडी. वर जाऊन काय करायचं? तिथं बसलं तरी वार्नाचा तो दवाखाना पाठ सोडणार नव्हता. आतला तो माणूस आता मुलांना नावं देईल, बोटीवरच्या नवऱ्याला मिशा लावेल, सुट्टीत सगळ्यांना सोफियाला आणेल. हळूहळू तिथं सगळं भरत जाईल, रबराच्या झाडाला पाणी घालणारी बाईसुद्धा येईल, आणि मधोमध तो अंगरखा तसाच, वर लहान पोरीचं डोकं घेऊन. त्या विचारानं तो उठला. परतीची ट्राम उभी होती. तो त्यात चढला, आणि चढल्यावर त्याला कळलं की तो घरी चाललाय, एक जूनला, भर दुपारी.

जिना चढताना प्रत्येक दारामागं तोच सिनेमा चालू होता. खालच्या मजल्यावर लष्करी बँडचं संगीत, वर कुणाचं तरी पोर खिदळत होतं. म्हणजे रुसालिना पुलाखाली पोचली असणार, जिथं बँडवाले तिला सलामी देतात. गोष्ट साधीच होती. मुलीचा बाप खलाशी, तो येत नाही, म्हणून ती कणीक मळायची काठवट नदीत सोडते, तिच्यात बसते आणि बापाला शोधायला समुद्राकडे निघते. वाटेत तिला माणसं भेटत जातात. मेतोदी पायऱ्यांवर थांबला. अजून परत फिरता आलं असतं. मग त्यानं किल्ली काढली.

आपल्या घरात संगीत नव्हतं. बँड नव्हता, नदी नव्हती. नेवेनानं लावलाच नाही की काय, असं त्याच्या मनात आलं. इतकी वर्षं आपण डोंगरावर आणि ही इथं टीव्ही बंद करून बसलेली. त्यानं बूट काढले, टोपी चेरींसकट खुंटीखालच्या स्टुलावर ठेवली, आणि तेवढ्यात आतून बिल्यानाचा आवाज आला.

"थमुद्र अजून किती लांब आहे?"

 तो भिंतीला धरून उभा राहिला. हा चित्रपटातला आवाज नव्हता. चित्रपटातली रुसालिना 'स' स्वच्छ म्हणते. नदीच्या खळखळाटात आणि कॅमेऱ्याच्या घरघरीत तेव्हा जागेवरचा आवाज घेताच येत नसे. सगळ्यांचे आवाज मागून स्टुडिओत भरले जायचे, आणि लहान मुलांचे तर सर्रास मोठ्या नट्या काढायच्या. रुसालिनाचा आवाज दोरोतेया नावाच्या एका जाड्या, प्रेमळ नटीचा होता, जिचं पोट बोलताना माइकला लागायचं. बिल्यानाचे दात शूटिंगच्या दुसऱ्याच आठवड्यात पडले होते, आणि उन्हाळाभर तिचा प्रत्येक स निसटून थ होत होता. "बाबा, थाबण नाकात गेला." "बाबा, थाप!" ते दात आल्यावर ते बोलणं गेलं, आणि कुठल्याही फितीवर ते उरलं नव्हतं. कुठल्याच नाही. पण आत कुणीतरी म्हणत होतं,

"नाही हो काका, मी हरवले नाही. मी थरळ चाललेय. नदी थरळच जाते ना?"

दार अर्धं उघडं होतं. पडदे ओढलेले. टीव्ही चालू होता, आवाज बंद करून. पाण्यावर ऊन चकाकत होतं, काठवट डुलत होती, आणि तीत गुडघे पोटाशी घेऊन बसलेली मुलगी वर बघून ओठ हलवत होती. समोर खुर्चीच्या अगदी काठावर नेवेना बसली होती, पांढऱ्या केसांची, घरातला निळा झगा घातलेली, हात मांडीवर. मुलीचे ओठ हलले की नेवेना बोलत होती. तिच्या वयाच्या बाईच्या घशातून तो आवाज कसा निघत होता कोण जाणे. बारीक, किंचित घोगरा, वाक्याच्या शेवटी वर चढणारा. तिनं तो सूर म्हणून लक्षात ठेवला होता. बाकीची माणसं पडद्यावर तोंडं हलवत आली की ती गप्प बसायची, त्यांची वाक्यं संपेपर्यंत थांबायची, आणि मग मुलीचं उत्तर द्यायची. मधल्या शांततेत फक्त फ्रिजची घरघर. असं दरवर्षी. एकटीच.

तो हलला असेल, कारण पायाखालची फळी वाजली. नेवेनानं वळून पाहिलं. तिचा चेहरा चोरी सापडल्यासारखा झाला, मग ती चिडली.

"लवकर का आलास?"

 टीव्हीकडे त्याचा हात आपोआप गेला, आवाज सुरू करायला असेल किंवा बंद करायला, त्यालाच माहीत नव्हतं.

"हात लावू नकोस," नेवेना म्हणाली. आता तिचा स्वतःचा, थकलेला आवाज. "दोरोतेया नको मला. चांगली बाई होती, पण नको. मला ती हवी असते." ती पुन्हा पडद्याकडे वळली. "जा तू हवं तर. स्वयंपाकघरात काकडी-दह्याचं गार तारातोर आहे."

तो गेला नाही. पडद्यावर मधमाश्यावाला आला, चेहऱ्यावर जाळी, हातात धूर करायचं भांडं. तो काठावरून तोंड हलवायला लागला, आणि नेवेना सवयीनं गप्प झाली. मेतोदीला ते वाक्य आठवत होतं. त्याला सगळीच आठवत होती. प्रत्येकाला त्यानंच ती म्हणून दाखवली होती. न बघण्याचा इतका नेम केला, पण शब्द काही कुठं गेले नव्हते.

"काय गं ए," तो म्हणाला, आणि त्याचा आवाज गंजलेल्या कडीसारखा निघाला. खाकरून त्यानं पुन्हा धरलं, मधमाश्यावाल्याचा जाडा, सुस्त, नाकातला आवाज. "काय गं ए, कणकेच्या काठवटीत बसून कुठं निघालीस? भाकरी व्हायचंय का?"

नेवेनाच्या पाठीला क्षणभर ताठरपणा आला. तिनं वळून बघितलं नाही. पडद्यावर मुलगी हसली, आणि नेवेनाला उत्तर द्यायला अर्धा क्षण उशीर झाला.

"भाकरी नाही काही. बाबांकडं चाललेय. थमुद्रावर."

"एकटीच?"

"एकटी कुठं? काठवट आहे की."

मग ते पुढं जात राहिले. तो उभाच होता, दाराच्या चौकटीला टेकून. त्यानं गिरणीवाला केला, तोतरा पोलीस केला, दोन भांडणाऱ्या धोबिणी केल्या, दोघींचे आवाज वेगळे काढून. तेव्हा नेवेनाच्या खांद्यांना हसू फुटलं, बघता बघता ते हसू राहिलं नाही, आणि तरी तिनं पुढचं वाक्य चुकवलं नाही. एका ठिकाणी तो अडला. नावाडी काय विचारतो ते आठवेना, पडद्यावर नावाड्याचं तोंड हलून थांबलं, आणि नेवेनाला न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर द्यावं लागलं, "नाही, भूक लागली नाही." त्यावरून त्याला प्रश्न कळला. तो कुणासारखं बोलत होता याकडे आता त्याचं लक्ष नव्हतं. तो मुलीकडे बघत होता. पहिल्यांदा बघत होता म्हटलं तरी चालेल, कारण तेव्हा तो चौकट बघत होता, ऊन बघत होता, ढग येतोय का ते बघत होता. तिच्या डाव्या गुडघ्यावर खरचटल्याची जुनी खूण होती. ती बोलायच्या आधी जीभ दातांच्या खिंडीत घालून बघत होती. आणि एकदा, एकदाच, पोलीस बोलत असताना, तिनं फ्रॉकच्या बाह्या तळव्यांपर्यंत ओढल्या.

नदी रुंद झाली. काठ मागं हटले, पाण्याचा रंग बदलला. शेवट त्यानं तेव्हा सगळ्यांशी भांडून तसा ठेवला होता. बाप येत नाही, बोट दिसत नाही. उघड्या समुद्रावर एवढीशी काठवट, आणि त्यात उभी राहून मुलगी दोन्ही हात तोंडाशी धरून एकदा हाक मारते. मग नुसतं पाणी आणि संगीत. मुलांच्या चित्रपटाला असा शेवट कसा, म्हणून स्टुडिओतले लोक नाराज होते. तो म्हणाला होता, मुलांना कळतं.

मुलगी उभी राहिली. काठवट डगमगली, तिनं तोल सावरला. हात तोंडाशी नेले.

नेवेना बोलली नाही. पडद्यावर तोंड उघडलं, मोठ्ठं, दातांच्या खिंडीसकट, आणि खोलीत काही ऐकू आलं नाही. मेतोदीला कळलं, की हे एवढं एक ती दरवर्षी सोडून देते. ही हाक ती मारत नाही.

"म्हण ना," तो म्हणाला.

तिनं मान हलवली. कॅमेरा मागं जायला लागला होता, मुलगी लहान होत चालली होती. अजून थोडा वेळ तिचे हात तोंडाशी दिसत राहणार होते, स्ताव्रीनं तो तुकडा लांबवला होता. मग नेवेना खुर्चीत पुढं वाकली, आणि त्या घोगऱ्या, बारीक, वर चढणाऱ्या आवाजात तिनं हाक मारली, "बाबा!"

"ओ," मेतोदी म्हणाला.

कुणाचा आवाज काढावा हे त्याला सुचलं नव्हतं. जो होता तो निघाला, म्हाताऱ्याचा, फाटका. पडद्यावर पाणीच पाणी झालं. त्यावरून नावं वर सरकू लागली, आणि शेजारच्या घरातून भिंतीपलीकडून त्या नावांचं संगीत अस्पष्ट ऐकू येऊ लागलं.

नावं संपली तेव्हा नेवेना म्हणाली, "हे चित्रपटात नाहीये."

"माहीत आहे," तो म्हणाला.